तरावा, नोव्हेंबर १९४३: चार फूट पाणी आणि चौथी खेप

२० नोव्हेंबर १९४३ च्या सकाळी अमेरिकी मरीन सैनिक मध्य पॅसिफिकमधल्या, जपानच्या ताब्यातल्या बेशिओ बेटावर उतरले. तरावा या प्रवाळ बेटांच्या कड्यातलं हे एक बेट. लांबी जेमतेम तीन किलोमीटर, आणि सर्वांत रुंद जागीही पाऊण किलोमीटरच्या आसपास. एवढी पट्टी जिंकायला ७६ तास लागले आणि अमेरिकेचे सुमारे एक हजार जण मारले गेले, दोन हजारांहून अधिक जखमी झाले.

या लढाईबद्दल सहसा एवढंच सांगितलं जातं की भरतीचा अंदाज चुकला आणि बोटी प्रवाळाच्या खडकावर अडकल्या. पण अंदाजाचा भरवसा नाही हे वरिष्ठांना आधीच माहीत होतं. एका माणसाने तसं ठणकावून सांगितलं होतं. त्यावर तोडगाही काढला गेला. तो पहिल्या तीन खेपांना पुरला, आणि चौथ्या खेपेपासून माणसं छातीभर पाण्यातून, समोरून गोळ्या येत असताना, चालत गेली. इशारा ऐकला गेला, पण पुरता ऐकला गेला नाही. हे असं का घडतं, ते समजून घेण्यासाठी या प्रकरणाइतकं चांगलं उदाहरण मला दुसरं माहीत नाही.

पार्श्वभूमी

शत्रूच्या किनाऱ्यावर उघड्या होडीतून उतरण्याची किंमत ब्रिटिशांनी २५ एप्रिल १९१५ ला गॅलिपोलीत मोजली. व्ही बीचवर काही सैनिक जहाजांच्या साध्या होड्यांतून आले. बाकीचे रिव्हर क्लाइड या कोळसावाहू जहाजाच्या बाजूला पाडलेल्या दारांतून फळ्यांवरून खाली येऊ लागले. दारातून बाहेर पडणारा प्रत्येक माणूस तुर्की बंदुकांच्या नेमात होता. त्याच ऑगस्टमध्ये सुव्लाला ब्रिटिशांनी इंजिनावर चालणाऱ्या, पुढे उतरायला फळी असलेल्या सपाट बोटी वापरल्या, पण युद्धानंतर तो धागा जवळजवळ सुटला. तटबंदी असलेल्या किनाऱ्यावर समुद्रातून हल्ला करता येत नाही, असं बहुतेक सेनांनी ठरवून टाकलं. अमेरिकेच्या मरीन कोअरने मात्र १९३४ मध्ये अशा हल्ल्यांची नियमपुस्तिकाच तयार केली. त्यांच्याकडे नव्हती ती बोट.

१९३७ मध्ये शांघायला असलेल्या व्हिक्टर क्रुलाक या तरुण मरीन अधिकाऱ्याने जपानी सैन्य उतरताना पाहिलं. जपानी बोटीची नाळ, म्हणजे पुढचं टोक, पुढे पाडली जायची आणि त्याच फळीवरून सैनिक सरळ वाळूत धावत जायचे. क्रुलाकने फोटो काढले, अहवाल लिहून वॉशिंग्टनला पाठवला. तिथे तो फायलीत पडून राहिला.

अमेरिकी बोट शेवटी आली ती लुइझियानाच्या दलदलीतून. न्यू ऑर्लिन्सचे अँड्र्यू हिगिन्स मूळचे लाकडाच्या धंद्यातले. सापळे लावून शिकार करणारे आणि तेल शोधणारे लोक यांच्यासाठी ते उथळ पाण्यात चालणाऱ्या बोटी बांधत. त्या पाण्यात ओंडके तरंगत असतात, झाडांची मुळं असतात, काठाला धक्का नसतो. म्हणून हिगिन्सच्या बोटीची नाळ भक्कम लाकडी ठोकळ्याची, ओंडक्यावर आदळली तरी वरून घसरून जाणारी. पंखा तळाखालच्या खोबणीत, म्हणजे गाळाला किंवा मुळाला लागून मोडायचा नाही. बोट वेगात काठावर चढवायची आणि इंजिन उलटं फिरवून स्वतःच मागे काढायची, हे तिचं खरं कसब. १९४१ मध्ये पुढे पाडता येणारा रॅम्प बसवला गेला आणि एलसीव्हीपी तयार झाली. ३६ फूट लांब, बाजू प्लायवूडच्या, रॅम्प पोलादी, २२५ अश्वशक्तीचं डिझेल इंजिन, चार खलाशी, ३६ सैनिक किंवा एक जीप. युद्ध संपेपर्यंत अशा वीस हजारांहून अधिक बोटी बांधल्या गेल्या. नौदलाच्या जहाजबांधणी विभागाला बाहेरच्या माणसाची रचना पचायला वेळ लागला. मे १९४२ मध्ये नॉरफोकजवळच्या खवळलेल्या समुद्रात रणगाडे वाहणाऱ्या दोन बोटींची शेजारी-शेजारी चाचणी झाली, त्यात हिगिन्सची बोट उजवी ठरली. त्या विभागाच्या कारभारावर पुढे सिनेटर ट्रुमन यांच्या समितीने कडक ताशेरे ओढले.

दुसरं यानही दलदलीतूनच आलं, फ्लॉरिडाच्या. ब्रुकलिन पूल बांधणाऱ्या घराण्यातल्या डोनल्ड रोबलिंग यांनी १९३५ मध्ये ‘ॲलिगेटर’ नावाचं वाहन बनवलं. वादळात अडकलेल्यांना बाहेर काढण्यासाठी ते होतं, कारण त्या चिखलात धड बोट चालत नव्हती, धड गाडी. रोबलिंगचं वाहन रणगाड्यासारख्या पट्ट्यांवर चालायचं, आणि पाण्यात त्याच पट्ट्यांवरच्या पात्यांनी पुढे सरकायचं. १९३७ मध्ये एका सचित्र साप्ताहिकात त्याचे फोटो आले, ते मरीन अधिकाऱ्यांच्या नजरेस पडले, आणि १९४१ पासून त्याची लष्करी आवृत्ती, एलव्हीटी हे यान, कारखान्यातून बाहेर पडू लागलं. सैनिक त्याला ॲमट्रॅक म्हणत. १९४२ मध्ये ग्वाडलकॅनालला ते वापरलं गेलं, पण सामान वाहायला. लढाईत माणसं किनाऱ्यावर न्यायचं काम बोटीचं, अशीच तेव्हाची वाटणी होती.

(याच काळात पुण्याजवळ खडकवासल्याच्या जलाशयाकाठी सैनिकांना जहाजातून उतरण्याचा सराव देण्यासाठी ‘एचएमएस अँगोस्टुरा’ नावाचं नकली जहाज उभं होतं. पुढे एनडीएसाठी ती जागा निवडताना या जुन्या प्रशिक्षण केंद्राचाही विचार झाला. पानशेतच्या वाटेने जाणाऱ्या किती जणांना हे माहीत असेल?)

अडचण

बेशिओवर रिअर ॲडमिरल केइजी शिबासाकी यांच्या हाताखाली साडेचार हजारांच्या वर लोक होते. त्यांत लढाऊ नौसैनिक होते, आणि जपानी व कोरियन बांधकाम मजूरही. नारळाच्या खोडांची भिंत पाण्याच्या काठाने उभी, तिच्यामागे मशीनगनची ठाणी, वाळू आणि काँक्रीटखाली गाडलेले बंकर. मधोमध धावपट्टी. अमेरिकेला हवी होती ती हीच धावपट्टी, कारण पुढचा टप्पा मार्शल बेटांचा होता.

हेरगिरी उत्तम झाली होती. विमानांतून आणि पाणबुडीच्या पेरिस्कोपमधून फोटो घेतले गेले. त्या फोटोंत पाण्यावर बांधलेले जपानी संडास मोजून शिबंदी किती असेल याचा हिशेब मांडला गेला, आणि तो खऱ्या आकड्याच्या अगदी जवळ निघाला. तोफा कुठे, खंदक कुठे, सगळं नकाशावर होतं.

नकाशावर नव्हतं ते पाणी. बेटाभोवती प्रवाळाचा सपाट कट्टा आहे. ज्या लगूनच्या, म्हणजे बेटांच्या कड्याने वेढलेल्या आतल्या पाण्याच्या, बाजूने उतरायचं ठरलं, तिथे तो किनाऱ्यापासून पाचशे यार्डांहून पुढे पसरलेला. भरलेल्या हिगिन्स बोटीला पुढे सरकायला साधारण चार फूट पाणी लागतं. त्या सकाळी कट्ट्यावर किती पाणी असणार होतं? भरवशाची कोष्टकं नव्हती, नकाशे कित्येक दशकं जुने. म्हणून तरावा ज्यांत येतं त्या गिल्बर्ट बेटांत आयुष्य काढलेले जहाजांचे कप्तान, व्यापारी आणि अधिकारी सल्ल्याला बोलावले गेले. त्यांच्यातल्या बहुतेकांचा अंदाज पाच फुटांचा. एकट्या मेजर फ्रँक हॉलंड यांनी वेगळं सांगितलं. ते बेटांवर पंधरा वर्षं राहिलेले होते. त्यांच्या म्हणण्याप्रमाणे ती भांगाची भरती असेल, आणि तीही अशी की पाणी धड चढणार नाही, धड उतरणार नाही. तीन फुटांवर भिस्त ठेवू नका, असं त्यांनी बजावलं.

सेकंड मरीन डिव्हिजनचे प्रमुख मेजर जनरल ज्युलियन स्मिथ यांनी हा इशारा दडपला नाही. बोटी कट्टा ओलांडतील याची शक्यता निम्मी-निम्मी आहे, असं त्यांनी आपल्या सैनिकांना सांगितलं. मला ही गोष्ट फार महत्त्वाची वाटते. कुणाला अंधारात ठेवून हा हल्ला झाला नाही.

समोर कोणते पर्याय होते

डिव्हिजनचा मुक्काम न्यूझीलंडमध्ये वेलिंग्टनला होता. नियोजन मुख्यतः ज्युलियन स्मिथ आणि त्यांचे ऑपरेशन्स अधिकारी डेव्हिड शूप यांनी केलं.

कोणत्या बाजूने उतरायचं, हा पहिला प्रश्न. शत्रूची अपेक्षा महासागराकडच्या बाजूची, अडथळे आणि सुरुंग तिथे अधिक पक्के. लगूनकडची बाजू त्या मानाने अर्धवट तयार, पाणीही शांत. तिथून जायचं ठरलं. हा निर्णय अचूक होता, आणि तरावाच्या रक्तपाताबद्दल बोलताना तो विसरला जातो.

दुसरा पर्याय शेजारच्या बैरिकी बेटाचा. ते आधी ताब्यात घ्यायचं, तिथे तोफा मांडायच्या आणि मग बेशिओवर जायचं. ज्युलियन स्मिथ यांना हे हवं होतं. त्यांना आणखी लांबलेला तोफमाराही हवा होता. दोन्ही मागण्या नाकारल्या गेल्या. नौदलाला जपानी आरमाराची धास्ती होती. उतरणाऱ्या सैन्याशेजारी जहाजं जितके दिवस थांबतील, तितकी ती पाणबुड्या आणि विमानांना सापडणार. ही भीती पोकळ नव्हती. २४ नोव्हेंबरला जवळच्या माकिन बेटाच्या समुद्रात लिस्कम बे ही विमानवाहू नौका पाणबुडीने बुडवली आणि सहाशेहून अधिक जण गेले. वर ज्युलियन स्मिथ यांच्या तीन रेजिमेंटपैकी एक राखीव म्हणून वरच्या हुकुमाखाली ठेवली गेली. तेव्हा त्यांनी एक मागणी केली: समोरून थेट हल्ला करायचा हुकूम लेखी द्या. तो मिळाला.

तारीख पुढे ढकलणं हा तिसरा पर्याय. मार्शल मोहिमेचं वेळापत्रक डोक्यावर होतं, आणि एवढं मोठं आरमार तारखेला बांधलेलं असतं. तो विचार पुढे गेला नाही.

चौथा पर्याय ॲमट्रॅक. पाणी असो-नसो, ते कट्ट्यावरून पट्ट्यांवर चालत जाणार. डिव्हिजनकडे पहिल्या नमुन्याचे सुमारे शंभर होते, त्यांतले बरेच ग्वाडलकॅनालच्या कष्टांनी थकलेले. दुरुस्त होण्याजोगे ७५ निघाले. नव्या नमुन्याचे आणखी हवेत, अशी मागणी झाली, तेव्हा आरमाराच्या उतरण मोहिमेचे प्रमुख रिअर ॲडमिरल रिचमंड टर्नर यांनी विरोध केला. ही यानं हळू, ती आणायला वेगळी मोठी जहाजं लागणार, आणि पाणी पुरेसं असेल, असं त्यांचं म्हणणं. डिव्हिजनच्या वरच्या कोअरचे कमांडर मेजर जनरल हॉलंड स्मिथ अडून बसले: ॲमट्रॅक नाहीत तर मोहीम नाही. अखेर नव्या नमुन्याचे ५० मंजूर झाले. एकूण १२५.

काय केलं गेलं

न्यूझीलंडमधल्या कार्यशाळांत जुन्या ॲमट्रॅकवर बॉयलरचे पत्रे ठोकून कामचलाऊ चिलखत चढवलं गेलं, मशीनगन वाढवल्या गेल्या. यान हळू होतं, त्याला मागे दार नव्हतं. किनाऱ्यावर पोचल्यावर सैनिकांनी उंच बाजूवरून उडी टाकायची. म्हणजे गॅलिपोलीपासून ज्या क्षणाची भीती होती, तो इथेही होताच. नवे ५० सॅन डिएगोहून सामोआमार्गे शेवटच्या घडीला आले. सरावात ते नव्हतेच.

मांडणी अशी होती: पहिल्या तीन खेपा ८७ ॲमट्रॅकमधून जाणार, ४२, २४ आणि २१. त्यातून सुमारे दीड हजार माणसं पोचणार. चौथ्या खेपेपासून हिगिन्स बोटी आणि रणगाड्यांच्या मोठ्या बोटी. कट्ट्यावर पाणी नसेल तर माणसं उतरवून आलेले ॲमट्रॅक परत कट्ट्याच्या कडेला येणार, बोटींतल्या माणसांना उचलून पुन्हा किनाऱ्यावर नेणार.

या शेवटच्या वाक्यावर थांबायला हवं, कारण सगळं प्रकरण इथे आहे. फेऱ्या मारायच्या तर यान परत यायला हवं. म्हणजे ज्या किनाऱ्यावर शत्रूच्या सगळ्या बंदुका रोखलेल्या, तिथे एकदा जाऊन ते शाबूत राहणार, असं ही मांडणी धरून चालली होती. तीन तासांत सुमारे तीन हजार टन दारूगोळा बेटावर पडणार होता, त्यातून फारसं काही वाचणार नाही हा विश्वास तिच्या मागे होता. थोडक्यात, भरतीच्या प्रश्नाचं उत्तर तोफमाऱ्यावर टाकलं गेलं.

त्या सकाळी वारा विरुद्ध, लाटा उलट्या, ॲमट्रॅक ठरल्यापेक्षा हळू. उतरण्याची वेळ साडेआठवरून पावणेनऊ, मग नऊ झाली. धुरामुळे बेट दिसेना आणि तोफा थांबल्या, पण पहिलं यान वाळूला लागलं ते नऊ वाजून दहा मिनिटांनी. मधल्या मिनिटांत जपानी सैनिक बंकरांतून वर आले, दक्षिणेकडचे उत्तरेच्या, म्हणजे लगूनच्या, बाजूला धावले. तरीही पहिल्या तीन खेपांचे बहुतेक ॲमट्रॅक कट्ट्यावर चढले आणि किनाऱ्याला लागले.

मग चौथी खेप आली. कट्ट्याच्या कडेला हिगिन्स बोटी एकामागून एक खरडून थांबल्या. पाणी तीन फुटांच्या आत-बाहेर. ज्या बोटीची सारी रचना पुढे वाळूत चढायला केलेली, तिला किनाऱ्यापासून पाचशे यार्डांवर रॅम्प पाडावा लागला. काही बोटींचा रॅम्प पडायला आणि जपानी गोळा येऊन आदळायला एकच गाठ पडली. सैनिक पाण्यात उतरले, रायफल डोक्यावर धरून चालू लागले. पाण्याखाली प्रवाळ धारदार आणि खड्ड्यांचं, पाठीवर सामान. खड्ड्यात पाय गेला की माणूस दिसेनासा व्हायचा. जखमी होऊन पडला तर बुडायचा. लगूनमध्ये आलेल्या लांब लाकडी धक्क्याच्या खांबांआड जो पोचला, तो वाचला. रणगाडेही कडेलाच उतरले. पाण्यात पडलेल्या जखमींच्या अंगावरून जाऊ नये म्हणून वळताना काही रणगाडे तोफगोळ्यांनी पडलेल्या खोल खड्ड्यांत गेले आणि तिथेच बंद पडले.

शूप आता सेकंड मरीन रेजिमेंटचे कर्नल म्हणून उतरत होते. कट्ट्यावर त्यांनी बोट सोडून एक ॲमट्रॅक मिळवला, जखमी झाले, तरी धक्क्याच्या आडोशाने किनाऱ्यावर पोचले आणि एका जपानी बंकरच्या भिंतीशी ठाण मांडून लढाई चालवू लागले. संध्याकाळपर्यंत किनाऱ्यावर साधारण पाच हजार माणसं, त्यांतली दीड हजार मृत वा जखमी. रेडिओ खारं पाणी लागून बंद. परत येऊन फेऱ्या मारायला धडधाकट ॲमट्रॅक मूठभर.

दुसरी सकाळ मला पहिलीपेक्षाही अस्वस्थ करते. एटथ मरीन रेजिमेंटची पहिली बटालियन आदल्या दिवशीपासून बोटींत बसून होती. कुठे उतरायचं याचे निरोप अर्धवट पोचले, काही पोचलेच नाहीत. रात्रभर माणसं ओकत, भिजत, हुकुमाची वाट पाहत लाटांवर झुलत राहिली. २१ तारखेला पहाटे ती धक्क्याजवळच्या किनाऱ्याकडे पाठवली गेली, पुन्हा बोटींतून, पुन्हा त्याच कट्ट्यावर. तीनशेहून अधिक माणसं मृत किंवा जखमी झाली. कट्टा ओलांडता येत नाही हे तोवर चोवीस तास सगळ्यांनी पाहिलं होतं.

त्या दुपारी पाणी चढलं. बोटी आत येऊ लागल्या. दरम्यान मेजर मायकेल रायन यांनी इकडून-तिकडून जमवलेल्या तुकड्यांनी पश्चिमेचा किनारा मोकळा केला होता. संध्याकाळी तिथे सिक्स्थ मरीनची एक अख्खी बटालियन रबरी होड्यांतून उतरली, जवळजवळ धक्का न लागता. शूप यांनी जहाजावर निरोप पाठवला: हानी मोठी, मृतांचा टक्का ठाऊक नाही, पण आपण जिंकतो आहोत.

निकाल

२३ नोव्हेंबरला बेट पडलं. शिबंदीपैकी १७ जपानी आणि १२९ कोरियन जिवंत हाती लागले, बाकी सगळे मेले. १२५ ॲमट्रॅकपैकी ३५ चालते उरले. ते चालवणाऱ्या बटालियनमधली निम्म्याहून अधिक माणसं मृत किंवा जखमी, मेलेल्यांत त्यांचे कमांडर मेजर हेन्री ड्रूजही. शूप यांना मेडल ऑफ ऑनर हा अमेरिकेचा सर्वोच्च शौर्य सन्मान मिळाला. तरंगत्या प्रेतांचे फोटो अमेरिकी जनतेने पाहिले आणि एवढ्याशा बेटासाठी हे कशाला, असा आक्रोश झाला.

हे आधी कळू शकलं असतं का

१९८७ मध्ये टेक्सासचे पदार्थवैज्ञानिक डोनल्ड ओल्सन यांनी त्या दिवसाचं गणित मांडलं. वद्य अष्टमीच्या सुमारास सूर्य आणि चंद्र यांचं आकर्षण एकमेकांना छेद देतं, म्हणून भरती अपुरी राहते. हे कोकणातल्या दर्यावर्दींना सांगायला नको. पण त्या दिवशी चंद्र आपल्या कक्षेत पृथ्वीपासून सर्वांत दूरच्या टोकाजवळही होता. दोन्ही गोष्टी एकत्र आल्या. पाणी चढलं नाही आणि फारसं उतरलंही नाही, दीडेक दिवस घुटमळत राहिलं. मेजर फ्रँक हॉलंड यांनी सांगितलं होतं ते नेमकं हेच, गणिताशिवाय, पंधरा वर्षं ते पाणी पाहून.

निर्णयाचे टप्पे आणि वेगळं काय करता आलं असतं

जाणत्यांच्या मतांची जणू मोजणी झाली. बहुतेक जण पाच फूट म्हणतात, एक जण तीन. पण अशा ठिकाणी बहुमताला अर्थ नाही. पाच फुटांवाले चुकले तर हजार माणसं जाणार होती. मेजर हॉलंड चुकले असते तर काही जहाजांची जागा वाया गेली असती. चुकीची किंमत इतकी एकतर्फी असताना एकट्याचा इशारा संपूर्ण योजनेचा पाया व्हायला हवा होता.

दुसरं, ॲमट्रॅकची संख्या भांडणातून ठरली, गरजेतून नाही. आणखी शंभर यानांसाठी जहाजं कुठून आणायची, ही टर्नर यांची अडचण खरी होती. तरीही ‘चौथ्या खेपेची माणसं कट्ट्यावरून कशी जाणार’ हा प्रश्न कागदावर आणि आकड्यांत मांडला गेला असता, तर फेऱ्यांची योजना किती नाजूक आहे हे दिसलं असतं. निम्मी यानं पहिल्याच फेरीत गेली तर काय, एवढं विचारलं तरी पुरलं असतं.

संख्या वाढणं शक्यच नसतं, तरी त्याच १२५ यानांत एक वेगळी मांडणी करता आली असती असं मला वाटतं. तीन किनाऱ्यांवर एकाच वेळी पसरण्याऐवजी आधी पश्चिमेचा अरुंद किनारा घेऊन तिथूनच बाकीचं सैन्य आत आणणं. दुसऱ्या दिवशी हेच निभावलं. अर्थात पहिल्या सकाळी ती बाजूही बंदुकांनी भरलेली होती आणि तिथे सुरुंग होते, त्यामुळे हे मी खात्रीने म्हणत नाही.

बैरिकीबद्दल मात्र खात्रीने म्हणतो. २१ च्या संध्याकाळी मरीन तिथे उतरलेच आणि दुसऱ्या दिवशी तिथून तोफा बेशिओवर मारा करू लागल्या. ऑक्टोबरमध्ये जे नाकारलं, तेच लढाईच्या मध्यावर करावं लागलं.

आणि त्या दुसऱ्या पहाटेचं. योजना कोलमडलेली दिसत असताना तीच योजना पुन्हा चालू राहिली, कारण निरोप पोचत नव्हते आणि बोटींतल्या बटालियनला स्वतःहून थांबायचा अधिकार नव्हता. कट्ट्याच्या कडेला, सगळं पाहू शकेल अशा जागी, बोटी वळवायचा अधिकार असलेला एकच अधिकारी उभा असता तर? मला यातली ही सर्वांत स्वस्त दुरुस्ती वाटते. तिला जहाज लागत नव्हतं.

पुढच्या वेळी

दोन महिन्यांनी, ३१ जानेवारी १९४४ ला मार्शल बेटांतल्या क्वाजलीनची मोहीम सुरू झाली. मधल्या काळात टर्नर यांनी पाण्याखाली उतरून कट्टा मोजणाऱ्या आणि अडथळे उडवणाऱ्या माणसांची पथकं उभी केली. त्यांतले काही जण प्रत्यक्ष किनाऱ्यासमोर पोहून पाण्याची खोली आणि खडक पाहून आले. हवाई बेटांतल्या काहोओलावेवर जपानी बंकरांसारखे बंकर बांधून जहाजांनी नेम धरायचा सराव केला. तोफमारा तासांवरून दिवसांवर गेला. आधी शेजारची छोटी बेटं घेऊन तिथे तोफा मांडल्या, मग मुख्य बेटांवर उतरले. ॲमट्रॅक कितीतरी अधिक आले, चिलखती आणि तोफ बसवलेलेही. मागे दार असलेला नमुनाही पुढे आला, म्हणजे उडी टाकायची गरज संपली. शिबंदी तरावापेक्षा मोठी असूनही अमेरिकी मृतांचा आकडा निम्म्याहून कमी राहिला.

सगळं मात्र सुटलं नाही. क्वाजलीनच्या उत्तरेला रोई-नामूरला ॲमट्रॅक भरपूर होते, तरी पहिल्या दिवशी छोट्या बेटांवर माणसं सोडून आलेली यानं वेळेत जमेनात. काहींचं इंधन संपलं, काहींना आपलं जहाज अंधारात सापडेना. दुसऱ्या सकाळी मुख्य हल्ल्याच्या खेपा उरलेल्या यानांत घाईघाईने नव्याने जुळवाव्या लागल्या. यानं किती हवीत हे तरावाने शिकवलं होतं. एकदा गेलेलं यान परत कसं आणायचं, कुठे उभं करायचं, पुढच्या खेपेच्या हाती कुणी द्यायचं, हे तेव्हाही शिकणं चालूच होतं.